हातचा

ग्रिम्सबीच्या गोदीमागे, जिथे पूर्वी माशांचा लिलाव व्हायचा,
त्या इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर आमचं खातं:
नीतिगणित.
जिन्यात अजून हॅडॉकचा वास आहे.
लोक नाक मुरडत चढतात, टोकन घेतात,
आणि विचारतात, काय करू?

आम्ही सल्ला देत नाही. मांडतो.
दुःख डावीकडे, कुणाचं ते खाली बारीक अक्षरात.
वचनं कंसात, कारण कंस आधी सोडवायचा असतो.
खोटं म्हणजे ऋण, पण दोन खोटी एकमेकांना गुणली
तर कधी कधी धन येतं, हे पहिल्या वर्षी शिकवतात
आणि दुसऱ्या वर्षी सांगतात, बाहेर बोलू नका.
अपराधाला घसारा, दरसाल साडेतीन टक्के.
मागच्या पिढीचा हातचा पुढे आणायचा नाही: नियम सोळा.

फेब्रुवारीतल्या एका मंगळवारी बेरिल कटफोर्थ आली,
ओल्या कोटासकट बसली.
भाऊ, टेरेन्स. सत्त्याऐंशी साली आईच्या पासबुकातले
अकरा हजार दोनशे पौंड काढून स्पेनला गेलेला.
आई पुढे सहा हिवाळे जगली, हीटर न लावता.
आता तो परत आलाय, फुप्फुसात काहीतरी घेऊन,
वसतिगृहात पडलाय, म्हणतो, घरी ने.
"नेऊ का?"

मी मांडलं. दोन तास, पेन्सिलनं. यंत्र नको म्हणाली.
सहा हिवाळे. आईच्या पायाशी ठेवलेल्या गरम पाण्याच्या पिशव्या.
त्याचं एकुलतं एक पत्र, तेही पैसे मागणारं.
तिचे गुडघे. मागच्या खोलीचं बुडणारं भाडं.
त्याचे उरलेले आठवडे, डॉक्टरच्या अंदाजानं नऊ.
छेद समान केले.
उणे चार पूर्णांक दोन.
उणे तीनच्या खाली आम्ही 'नाही' असा शिक्का मारतो.

"ताळा केला?"
केला. वरून खाली, खालून वर.
बरोबर, मी म्हटलं, म्हणजे इंग्रजीत म्हटलं,
जिथे त्या शब्दात सोबत येत नाही.

ती कागद हातावर तोलत राहिली
(तीस वर्षं याच इमारतीत, खाली, मासे तोललेली बाई).
"चार पूर्णांक दोन काय? रात्री? पौंड?"
एकक नसतं त्याला.
"एकक नाही तर वजन कसलं."
मग, बऱ्याच वेळानं:
"असू दे. तोटा किती ते तरी कळलं.
न मोजता आणलं असतं त्याला
तर रोज ऐकवलं असतं."
शिक्क्याचा कागद चौघडी करून पर्समध्ये टाकला
आणि मला विचारलं, वसतिगृहाकडे बस कितीला आहे.

मार्चमध्ये फाइल बंद करताना दिसलं.
त्याच्या रकान्यात, दशकाच्या घराआधी,
हातचा एक राहून गेला होता.
ताळ्यातही तिथेच.
(परुळेकर बाई सगळ्या वर्गासमोर म्हणायच्या,
गणित येतं हिला, हातचं तेवढं विसरते.)
खरं उत्तर उणे तीन पूर्णांक दोन.
शिक्का तोच. पण ती चार पूर्णांक दोन मोजून देत होती,
रोज,
माझ्या चुकीसकट.

दुरुस्तीची नोटीस टपालानं जाते.
मी बसनं गेले, क्लीथॉर्प्सला, समुद्राकडून तिसरी गल्ली.
दार उघडलं तेव्हा तिच्या हातात गरम पाण्याची पिशवी,
वरून खोकला, जो मी कुठेच मांडला नव्हता.
"तुमच्याकडून एक जास्त घेतला गेलाय," मी म्हटलं.
तिनं पिशवीचं बूच घट्ट केलं.
"ठेवा तुमच्याकडे. कुणाला तरी कमी पडेल."

आणि दार लोटलं, कारण वारा आत येत होता.

तेव्हापासून माझ्याकडे हातचा एक आहे.
कुठल्या रकान्यात मिळवायचा, नियमात नाही.
मी शोधलं.